खांद्यावरचा हात

कौतुक असलं की माणसाचं चरित्र लिहिता येतं. ते तपासायला मात्र त्याच माणसाबद्दल थोडा संशय लागतो. माझ्याकडे तो उपजतच होता, म्हणून अंधेरी पूर्वेच्या एका छोट्या प्रकाशनात संपादक म्हणून मी निवृत्तीपर्यंत टिकले. मरोळ गावठाणातली ख्रिस्ती बाई मराठी पुस्तकं दुरुस्त करते याचं येणाऱ्या लेखकांना फार नवल वाटे. एका कवीने तर मला चक्क हिंदीत विचारलं होतं, तुम्हाला मराठी समजतं का? मी म्हटलं, तुमच्या कविता वाचेपर्यंत समजत होतं.

संपादक म्हणजे ऱ्हस्वदीर्घ बघणारा, असा लोकांचा समज असतो. ते काम मुद्रितशोधकाचं. संपादकाचं काम शिंप्याचं. गिऱ्हाइकाचं पोट झाकायचं, खांदे दाखवायचे, आणि आरशात बघून त्याला वाटलं पाहिजे की आपण मूळचे असेच आहोत. आमचं दुकान कथा-कादंबऱ्यांवर चालत नव्हतं. चालत होतं गौरवग्रंथांवर आणि चरित्रांवर. ऐंशीच्या दशकात उपनगरं भराभर वाढत होती आणि त्याच वेगाने तिथे थोर माणसंही वाढत होती. कुणी नगरसेवक, कुणी क्लासवाला, कुणी नुसताच सोसायटीचा चेअरमन. पन्नाशी आली की चरित्र, साठी आली की गौरवग्रंथ. पहिलं प्रकरण सगळ्यांचं एकच. गरिबी, सोशिक आई, रस्त्यावरच्या दिव्याखाली अभ्यास. मुंबईत त्या काळी दिव्याचे खांब कमी आणि त्यांच्याखाली बसून मोठी झालेली माणसं जास्त होती.

घाटकोपरच्या एका गृहस्थांनी वडिलांचं चरित्र काढलं, त्यात सावत्र आईचा उल्लेखच नव्हता. पुस्तक छपाईला जाणार त्या दिवशी ती बाई स्वतः आली, टेबलावर लग्नाचा फोटो आपटला आणि म्हणाली, "मी काय त्यांच्या घरात भाड्याने राहत होते?" शेवटी तिला 'घरातील इतर वडीलधारी मंडळी' या शब्दांत बसवली. एका बाईला चार शब्दांत पुरायचं आणि वर दोघांकडून आभार घ्यायचे, याला आमच्यात संपादन म्हणत.

हे सगळं सांगण्याचं कारण, आबा परबांचं चरित्र आलं तेव्हा मी या कलेत चांगलीच मुरलेली होते.

ते आणलं ओगले मास्तरांनी. भांडुपचे निवृत्त शिक्षक, तिथल्या वाचनालयाचे अध्यक्ष. वाचनालयाला पत्रे गळायचे, आबांनी स्लॅब घालून दिला होता. त्या उपकाराची फेड म्हणून मास्तरांनी आबांचं चरित्र लिहिलं होतं. आबा परब म्हणजे टेम्पोवाले, समाजसेवक, गणेशोत्सव मंडळाचे आधारस्तंभ, एवढं मला ऐकून माहीत होतं. मी हस्तलिखित घरी नेलं. नऊ प्रकरणं नेहमीची होती. दहावं वाचायला घेतलं आणि माझा चहा निवून गेला.

दहाव्या प्रकरणाचं नाव होतं 'व्यवसायाचा विस्तार'. मास्तरांनी आयुष्यभर भूगोल शिकवलेला. त्यांनी माल कुठल्या खाडीत उतरतो, टेम्पो कुठल्या आडवाटेने साकीनाक्याच्या गोदामात येतो, तिथून कोण कुठे नेतो, वाटेत कुणाला खूश ठेवावं लागतं, हे सगळं आयात, निर्यात आणि वाहतूक अशा पोटमथळ्यांखाली मन लावून लिहिलं होतं. माल म्हणजे गर्द. ती तपकिरी पूड त्या वर्षांत आमच्या उपनगरांतल्या घराघरांत शिरली होती. सिगरेटच्या चांदीवर ठेवून खालून काडी लावायची आणि धूर ओढायचा. ओढणाऱ्याला लोक गर्दुल्ला म्हणत, आणि तो स्वतःच्या आईचं मंगळसूत्र विकून मोकळा होई. धंद्यात चौघे भागीदार होते. आबा त्यांतले एक, वाहतूक त्यांच्याकडे.

दुसऱ्या दिवशी मी मास्तरांना बोलावून घेतलं. "मास्तर, हे काय लिहिलंत?"

"त्यांनी जसं सांगितलं तसं. एक शब्द पदरचा नाही." मास्तर समाधानाने म्हणाले. "चरित्रात सत्य हवं."

"अहो, हे छापलं तर तो माणूस तुरुंगात जाईल!"

मास्तरांनी क्षणभर विचार केला. "जाऊ दे की. प्रत्येक थोर पुरुषाच्या चरित्रात तुरुंगवास असतोच. दुसऱ्या आवृत्तीत घालू."

ते भोळे होते की बनेल, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. मी मालकांकडे गेले आणि म्हटलं, हे पुस्तक आपण करू नये. आमचे मालक विनायकराव, सज्जन माणूस, पण छापखाना बंद पडत आलेला. ते म्हणाले, "सेसिलियाबाई, आपण न्यायाधीश आहोत का? आपण छापखानेवाले. आलेल्या कागदाची शाई करायची."

पुढच्या सोमवारी आबा स्वतः आले. मी मनात जी मूर्ती उभी केली होती तिला गॉगल होता. आले ते ठेंगणेसे, पांढऱ्या सदऱ्यातले, हातात कापडी पिशवी आणि पिशवीत आम्हा सगळ्यांसाठी मालवणी खाजं. खुर्चीच्या कडेवर बसले, डॉक्टरकडे आल्यासारखे.

"बाय, मास्तरान काय लिवल्यान तां माका ठाऊक नाय. माका वाचूचो कंटाळो," ते म्हणाले. "माका खोटां नको. पन खरांय नको. मधलां काय तां बघ."

त्यांचं म्हणणं साधं होतं. मुलगी सुनंदा, मराठी घेऊन एम. ए. झालेली, तिचं लग्न मुलुंडच्या दळवींच्या मुलाशी ठरत होतं. मुलगा इंजिनिअर. दळवी स्वतः बँकेतले मोठे अधिकारी, शिवाय तिथल्या एका व्यसनविरोधी मंडळाचे अध्यक्ष. शाळाशाळांतून व्याख्यानं देत. त्यांनी सुचवलं होतं की आबांच्या जीवनकार्यावर एखादं पुस्तक असावं, साखरपुड्याला पाहुण्यांना देता येईल. प्रस्तावना ते स्वतः लिहिणार होते.

"माज्या चेडवाचां बरां होऊक व्हयां," आबा म्हणाले. "बाकी माका काय नको."

'चेडू' म्हणजे मुलगी. तो शब्द त्यांनी असा उच्चारला की मला त्यांचा रागच आला. गर्द विकणाऱ्याने बापासारखं बोलू नये, असं काहीतरी मला वाटत असावं.

मी कामाला लागले. आणि खोटं कशाला बोलू, त्या कामात मला मजाही आली. चरित्रनायकाला तुरुंगापासून वाचवायचं आणि खोटंही लिहायचं नाही, ही कसोटीच होती. हवालदारांना दिलेली पाकिटं 'पोलीस दलाशी सौहार्दाचे संबंध' झाली. धाड पडली तेव्हा आबा मागच्या दाराने पळाले होते, तिथे 'याच सुमारास त्यांनी काही काळ कोकणात विश्रांती घेतली' असं आलं. दहावं प्रकरण मी इतकं आटवलं की ते दीड पानावर आलं. शेवटी एक वाक्य मास्तरांचंच राहू दिलं: 'आबांनी उपनगरातील अनेक तरुणांच्या जीवनाला वेगळी दिशा दिली.'

ते पान जुळवलं तुकारामने. जुळारी म्हणजे शिशाचा एकेक खिळा उचलून ओळ लावणारा माणूस. तुकाराम भांडुपचाच. त्याच्या हातून पानाला चार-पाच चुका ठरलेल्या. या पानात एकही नव्हती. मी कौतुक करायला गेले तर तो मान वर न करता म्हणाला, "अक्षर न् अक्षर वाचून लावलं, बाई. कंची दिशा ते कुठं लिवलंय का बघत व्हतो."

त्याचा थोरला मुलगा त्या वेळी घरातली भांडी विकून स्टेशनच्या पुलाखाली पडलेला असे. हे आम्हा सगळ्यांना माहीत होतं. मी पान पुढे पाठवून दिलं. वाक्य तर बरोबर होतं.

मग एक दिवस चंदूशेट आले. चौघांतले दुसरे भागीदार, गोदामवाले. मला वाटलं, आपलं नाव चुकून राहिलं नाही ना याची खात्री करायला आले असतील. पण त्यांचं दुखणं भलतंच निघालं.

"काय मॅडम, 'एकट्याच्या हिमतीवर'? मास्तर सांगत होता, असं लिवलंय. आन् आम्ही काय झक मारत होतो?" ते उभ्यानेच सुरू झाले. "साकीनाक्याला गोदाम कुनाचं? आपलं. आबाकडं त्या टायमाला सायकल पन नव्हती. सगळं क्रेडिट त्यालाच? ही काय पद्धत झाली, यार?"

"चंदूशेट, तुमचं नाव घातलं तर लोक विचारतील, गोदाम कशाचं?"

"विचारू दे ना!" असं म्हणून ते थांबले. मग आवाज खाली आला. "हां. ते पन आहे."

ते निघाले, दारापर्यंत गेले आणि परत आले. मी पंचवीस वर्षांत बरेच गुन्हेगार आणि बरेच लेखक पाहिले. पुस्तकात आपलं नाव नाही हे सहन न होणं, ही दोघांत सारखीच आढळणारी गोष्ट आहे.

"मग असं करा ना. नाव नको. फोटो टाका," ते म्हणाले. "गोदामाच्या सत्यनारायणाचा. फोटो काय बोलतो काय?"

फोटो झकास होता. पाटावर पूजा, मधोमध आबा, डावीकडे चंदूशेट जरीची टोपी घालून. आणि उजवीकडे आबांना चिकटून एक फौजदार, पुऱ्या गणवेशात, तीर्थप्रसादाला आलेला. विनायकरावांना घाम फुटला. फौजदाराला उडवायचं ठरलं. त्या काळी फोटो छापायचा तर आधी त्याचा जस्ताचा ठसा करून घ्यावा लागे, त्याला ब्लॉक म्हणत. कुठे कापायचं ते पेन्सिलीने रेघ मारून दाखवायचं. मी फौजदार संपतो आणि आबा सुरू होतात तिथे नीट रेघ मारली. चंदूशेट खूश झाले, आबांना कुणी विचारलंच नाही, आणि दळवींची प्रस्तावना येऊन पडली. तीत संस्कार हा शब्द इतक्या वेळा होता की मी काही काढून टाकले.

सगळं पुस्तक जुळून प्रुफं निघाली तेव्हा ती न्यायला सुनंदा आली. सुती साडी, खांद्याला शबनम, बापासारखाच ठेंगणा बांधा. "बाबांना वाचायचा कंटाळा," ती हसून म्हणाली. "रोज संध्याकाळी मी त्यांना एकेक प्रकरण वाचून दाखवणार आहे. आधी एकदा मी चाळते, चालेल ना?"

ती माझ्यासमोरच बसली. एम. ए.ची मुलगी, सराईत वाचणारी. पहिली प्रकरणं वाचताना मधूनच हसत होती, आजीच्या वर्णनापाशी डोळे पुसले. मग वाचण्याचा वेग कमी झाला. ती दहावं प्रकरण उलटून मागे गेली, पुन्हा पुढे आली. फोटोच्या पानावर थांबली ती थांबलीच.

"बाई, बाबांच्या खांद्यावरचा हा हात कोणाचा?"

मी पान ओढून घेतलं. फौजदार गेला होता, त्याची टोपी गेली होती, पोट गेलं होतं. पण पूजेच्या आनंदात त्याने आबांच्या खांद्यावर हात टाकलेला होता. कापल्या कडेच्या त्या खांद्यावर एक जाडजूड पंजा विसावलेला होता, आणि पंजाच्या मागे गणवेशाची दोन बोटं बाही, पितळी बटणासकट. संपादक शब्द वाचतो, चित्रं बघत नाही.

"चंदूशेटचा असेल," मी म्हटलं.

"ते तर या बाजूला आहेत." तिने पान खाली ठेवलं. "आणि नवव्या प्रकरणात बाबांकडे एक टेम्पो आहे. अकराव्यात दहा आहेत. मधल्या दीड पानात नुसतं भाऊबंदांना मदत केली, वर्गण्या दिल्या. टेम्पो कुठून आले? बाई, इथून काय काढलंत?"

आपले बाबा वाईट आहेत का, असं तिने विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, बाळ, ते घरी विचार. पण तिने विचारलं ते संपादकाला विचारायचा प्रश्न होता, आणि जे काढलं ते मीच काढलं होतं. हस्तलिखिताचं ते प्रकरण विनायकरावांनी केव्हाच जाळून टाकलं होतं. शिवाय ती या लग्नात आंधळेपणी उभी राहणार होती. माझ्या आत एवढा वेळ दाबून धरलेला संताप होता, तोही त्या क्षणी वर आला असेल. मी सांगितलं. खाडी, गोदाम, आडवाटा, पाकिटं, माल कसला ते. मास्तरांच्या क्रमाने, पोटमथळ्यांसकट.

ती रडली नाही. प्रुफांची पानं एकावर एक नीट जुळवली. "मला थोडंथोडं वाटत होतं," ती म्हणाली. "पण वाटणं वेगळं हो." मग पदर सावरून उठली. "दळवींना सांगायला हवं. त्यांना फसवून मी त्या घरात जाणार नाही. ते तर व्यसनमुक्तीवाले. लग्न मोडतील, मोडू दे."

तीन-चार दिवसांनी ती परत आली. चेहरा असा की मी आधी पाणी दिलं.

"गेले होते मुलुंडला," ती म्हणाली. "सगळं सांगितलं. मला वाटलं ओरडतील, दार दाखवतील. तर त्यांनी आत चहा सांगितला."

"मग?"

"म्हणाले, अगं, आम्हाला माहीतच आहे. सगळ्यांनाच माहीत असतं. म्हणून तर पुस्तक काढायला सांगितलं. उद्या कोणी काही बोललंच तर आपल्या हातात काहीतरी छापलेलं हवं ना?" ती दळवींच्या सावकाश आवाजात बोलत होती. "आणि शेवटी म्हणाले, तू फार प्रामाणिक आहेस, सूनबाई, आम्हाला अशीच मुलगी हवी होती."

"आणि मुलगा?"

"बशीत बघत होता."

मी कधी नाही ते जोरात हसले, आणि लगेच मला लाज वाटली, कारण ती हसत नव्हती. "गर्दवाल्याची मुलगी म्हणून ते नाही म्हणाले असते तर मी त्यांना मानलं असतं," ती म्हणाली. "आता मीच नाही म्हणून आलेय." मागच्या वेळी इथेच राहिलेली प्रुफं तिने मागून घेतली. मी विचारलं, आता कशाला? ती म्हणाली, बाबांना वाचून दाखवायचं कबूल केलंय.

आठवड्याभरात दळवींचा फोन आला. समारंभ रद्द झाल्याचं अत्यंत वाईट वाटतं वगैरे. मग म्हणाले, "माझी प्रस्तावना तेवढी परत पाठवा. दुसरीकडे बोलणी चाललीयेत, तिथे उपयोगी पडेल. नाव बदललं की झालं." मी ती पुन्हा वाचून पाहिली. खरोखरच नाव सोडून एक शब्द बदलायची गरज नव्हती. त्याच दिवशी टपालाने पाठवून दिली.

आणि त्यानंतर आबा आले. मालक बाहेर गेले होते. छापखान्यात मी आणि तुकाराम दोघेच. आबांच्या हातात या वेळी पिशवी नव्हती. ते खुर्चीवर बसले आणि माझ्याकडे बघत राहिले. पंचवीस-तीस माणसं पदरी असलेला माणूस. मरोळच्या घरी माझी म्हातारी आई एकटी होती.

"तू सांगलंस मा?" त्यांनी विचारलं.

"हो," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. रागावलेले दिसत नव्हते. मला वाटतं, राग आला असता तर त्यांना बरं वाटलं असतं.

"दर सांजेक ती माका वाचून दाखवी," ते म्हणाले. "लगीन कित्याक मोडल्यान तां सांगल्यान नाय, पन वाचूचां सोडल्यान नाय. एक प्रकरण झालां की च्या. माज्या आवशीचां, म्हंजे तिच्या आजीचां, वाचल्यान तेव्हा दोघांय रडलंव. बरां वाटी, बाय. माका वाटी, मी खराच असो आसंय. काल दहावां घेतल्यान. हातात तुजेच कागद. डोळे कागदार. आनी वाचल्यान तां सगळां तू काढलेलां. खाडी, गोदाम, सगळां. वर्सोव्याच्या त्या दोन पोरांचां, जी मेली, तांय. माका वाटलां, छापलेलां आसा. मी म्हनलंय, ह्यां खय गावलां तुका? म्हनाली, बाबा, हे मुळातच होतं."

वर्सोव्याची दोन मुलं मला माहीत नव्हती. मास्तरांच्या हस्तलिखितात ती नव्हती. ती तिने स्वतः शोधून काढली होती.

"आवाज हललो नाय तिचो," आबा म्हणाले. "सगळां वाचल्यान, कागद जुळवल्यान, आनी माका विचारल्यान, बाबा, यातलं कुठलं छापायचं? रात्रभर बसलंय. सकाळी उठान बघतंय तर तिची बॅग नाय." त्यांनी दोन्ही हात टेबलावर ठेवले. "तू शिकलेली. मधलां काय तां तुका कळता. काय सांगूचां होतां मी तिका?"

माणसांना काय लिहावं ते सांगण्याचाच मी पगार घेत होते. समोरच्या माणसाची मला कीव येत होती आणि कीव येते म्हणून चीड येत होती, दोन्ही एकदम. "आबा, ते मला नाही सांगता येणार," मी म्हटलं.

ते उठले. तुकाराम उभा होता तिथे गेले. जुळवलेली पानं सुतळीने बांधून ओळीने ठेवलेली होती. काम रद्द झालं की जुळारी ती सोडतो आणि खिळे परत आपापल्या घरात टाकतो, त्याला पान मोडणं म्हणतात.

"मोड सगळां," आबा त्याला म्हणाले.

तुकारामने त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्याने पानांच्या रांगेवरून हात फिरवला, पहिली नऊ प्रकरणं ओलांडली, आणि दहाव्याची सुतळी सोडली.